दोन वीत, चार बोटं

१

राजेश्वरीला आपल्या हाताचा गर्व होता, आणि तो तिनं कधी लपवलाही नाही. सांगलीत दुकानांच्या पाट्या रंगवणाऱ्या लालासाहेब पेंटरची ती मुलगी. मानववंशशास्त्रात पीएचडी करत होती. चित्रीकरण करायची, फोटो काढायची, ते तर सगळेच संशोधक करतात. पण महत्त्वाचा वाटलेला प्रत्येक फोटो ती दुसऱ्या दिवशी सकाळी पेन्सिलीनं कागदावर पुन्हा उतरवून काढी. तिचे मार्गदर्शक सर वैतागायचे, की फोटो हातात असताना ही हमाली कशाला.

"सर, फोटोत चुणी आपोआप येते," ती म्हणायची. "चित्रात ती का पडली हे ठाऊक असावं लागतं."

हे मूळ बोलणं वडिलांचं. कापडावरची प्रत्येक चुणी कशामुळं तरी पडते, कुठं गाठ असते, कुठं कोपर असतं, कुठं वारा. कारण कळल्याशिवाय रेघ ओढायची नाही, असं त्यांनी तिला सहाव्या वर्षी सांगितलं होतं. तेव्हापासून न दिसलेली एकही रेघ तिनं ओढली नव्हती. चारचौघांत ती हे बेधडक सांगायची आणि ऐकणारा खजील व्हायचा.

तर अशी ही बाई सातारा जिल्ह्यातल्या माळखडक गावात सुभेदार आकाराम यांच्या घरी दोन महिने मुक्कामाला होती. गाव फौजींचं. घराघरातून एक तरी पोरगा सैन्यात, आणि घराघरात भिंतीवर घरच्या सगळ्यांचा एक मोठा फोटो. त्या फोटोंसाठीच ती आली होती. कारण माळखडकची एक रीत होती. घरातला पोरगा सीमेवर असताना घरात कार्य निघालं, तर फोटो त्याच्यावाचून काढायचा नाही. त्याची जागा सोडायची. दोन वीत आणि चार बोटं, म्हणजे गड्याच्या खांद्याची रुंदी. बाजारगावचे फोटोग्राफर चांदसाहेब स्वतः वितीनं मोजून ती जागा ठरवायचे. पोरगा सुटीवर आला की स्टुडिओत जाऊन उभा राहायचा आणि चांदसाहेब त्याला त्या जागेत असा बसवायचे, की जोड कुठाय ते सांगून दाखव म्हणावं.

"आमच्या गावात एक बी जागा रिकामी ऱ्हायली न्हाई," आकारामआबा छाती पुढं काढून सांगायचे. "एक बी न्हाई. बघा हिंडून घरं."

तिनं घरं हिंडून बघितली. खरंच नव्हती. चव्वेचाळीस फोटोंची तिनं नोंद केली, आणि सगळे भरलेले होते.

आबांना पंचाहत्तर पुरी झाली त्या दिवशी त्यांच्या अंगणात फोटो निघाला. मधोमध दोन खुर्च्या, एकीवर आबा मेडल लावून, दुसरीवर त्यांची बायको मनुबाई. मागं सून शिवांजली आणि भावकीतली माणसं. मनुबाईच्या डाव्या अंगाला त्यांचा धाकटा मुलगा, शिवांजलीचा नवरा ऋषिराज, याची जागा. तो लडाखला होता. चांदसाहेबांनी वाकून हवेतच वीत टाकली, एक, दोन, मग चार बोटं, आणि शेजारच्या माणसाला आणखी जरा सरकवलं. भर दुपार, वारा मुळीच नव्हता. राजेश्वरीचा व्हिडिओ कॅमेरा ट्रायपॉडवर चालूच होता, आणि हातातल्या दुसऱ्या कॅमेऱ्यानं तिनंही दोन फोटो घेतले.

"आता कुणी हलायचं न्हाई," चांदसाहेब म्हणाले. कुणी हललं नाही.

२

दुसऱ्या दिवशी सकाळी ती खिडकीशी टेबल ओढून चित्राला बसली. आधी आबांचा फेटा केला. फेटा तिचा आवडता, कारण त्यात प्रत्येक चुणीला हिशेब असतो. मग मेडलं, मग मनुबाईचा चेहरा. मनुबाई फोटोत हसत नसत. ताठ बसत आणि कॅमेऱ्याला धाक घालत.

दहाच्या सुमाराला ती मनुबाईच्या डाव्या खांद्यावर आली आणि पेन्सिल थांबली.

खांद्यावरून मागं गेलेला इरकल लुगड्याचा पदर एका ठिकाणी दबला होता. वरून दाब, आणि त्या दाबापासून पुढं छातीकडं उतरलेल्या दोन आखूड चुण्या. पिनेनं अशी चुणी पडत नाही, पिनेची चुणी एका बिंदूतून फाकते. ही तशी नव्हती. वाऱ्याचीही नव्हती, कारण फोटोतल्या दोरीवर वाळत घातलेला टॉवेल सरळ लोंबत होता. काठ जाड असतो, तो घडीवर राहिला असेल, असं तिनं स्वतःला सांगितलं. पण काठ दबाच्या चार बोटं बाजूला होता.

मग तिनं चित्रीकरण लावलं. चांदसाहेब वीत टाकतात, मागं सरतात. तोवर पदर खांद्यावर सपाट. "आता कुणी हलायचं न्हाई." आणि पदर दबला. झटका नाही, काही नाही, कुणीतरी सवयीनं टेकावं तसा. सगळे स्तब्ध होते तेवढा वेळ तो दबलेला राहिला. "झालं," असं चांदसाहेब म्हणाले, तसा पदर हळूच वर आला.

तिनं तो तुकडा सात वेळा बघितला. खिडकीबाहेर शिवांजली शेणी थापत होती आणि गुणगुणत होती. आठव्यांदा बघण्याऐवजी राजेश्वरी उठून बाहेर गेली.

"वहिनी, काल काकूंनी खांद्याला पिन लावली होती का?"

"आत्या आन् पिन? जन्मात लावली न्हाई त्यांनी."

"ऋषिराज भाऊंचा फोन?"

"सकाळीच झाला की. पंधरा दिसांनी सुटी मिळतीया म्हणालेत." शिवांजलीचा चेहरा उजळला. "ताई, तुमाला बघायचं हुतं ना जोड कसा लावत्यात? मग थांबा आता."

राजेश्वरीच्या जिवात जीव आला. तिला स्वतःचीच गंमत वाटली. चुणी बघून माणसाची खुशाली विचारायची, म्हणजे शिक्षणाचं चांगलंच चीज झालं म्हणायचं. ती आत येऊन बसली आणि दिसलं तसं, दोन चुण्यांसकट, चित्र पुरं केलं. तिचा हात खोटं काढत नसे, त्याला ती तरी काय करणार.

३

आठवड्यानं ती चांदसाहेबांकडं गेली. बाजारपेठेतला त्यांचा स्टुडिओ आता त्यांची नात नूरीन चालवत होती, पासपोर्ट फोटो आणि लग्नाचे अल्बम. चांदसाहेब मागच्या खोलीत असायचे, जुन्या निगेटिव्हच्या डब्यांत. हिरव्या रंगाच्या भिंती, एक पंखा, आणि त्याची दर फेऱ्याला एकदा टक.

राजेश्वरीनं चव्वेचाळीस फोटोंच्या छोट्या प्रती टेबलावर मांडल्या. प्रत्येकाचा जोड त्यांनी स्वतः दाखवावा आणि तिनं त्याचं चित्रीकरण करावं, असा बेत होता. म्हातारबुवा खुलले. भिंग घेऊन एकेक दाखवत गेले, इथं पातं फिरवलं, इथं कानामागं रंग भरला, हे बूट तर दुसऱ्याच माणसाचे हायत. स्वतःच्या कामावर असं जीव ओवाळून टाकणारा माणूस तिला लगेच आपला वाटायचा.

पण तीन फोटो त्यांनी उचललेच नाहीत. शेवटी तेच टेबलावर राहिले.

"हे, चाचा?"

"कॅमेरा बंद कर बेटा."

तिनं बंद केला. पंखा टक टक करत राहिला.

"हे माझं काम न्हाई," चांदसाहेब म्हणाले. "ही पोरं परत आलीच न्हाईत. स्टुडिओत कुणी उभंच ऱ्हायलं न्हाई, तर मी बसवू कुणाला? मी कोऱ्या जागेचा फोटू दिला हुता घरात. मातीला आल्यावर बघतो, तर भिंतीवर पोरगं उभं. लोक म्हणाले, चाचा, काय हात हाय तुमचा. मी..." त्यांनी भिंग पालथं ठेवलं. "मी मान हलवली. तीस वर्षं मान हलवतोय."

राजेश्वरीनं एक फोटो जवळ घेतला. नानासो नावाचा जवान, बहिणीच्या लग्नातला फोटो. जोड नव्हताच. तिनं भिंगातून कड अन् कड तपासली, जोड नव्हता. मात्र नानासोचे केस कपाळाला चिकटले होते आणि हनुवटीवर थेंब होता. बाकी सगळं वऱ्हाड कोरडं, कडकडीत उन्हात.

"हे नानासो कसे गेले?"

"आसामात. नदी ओलांडताना."

"लग्नाच्या आधी?"

चांदसाहेबांनी तो फोटो तिच्या हातातून काढून टेबलावर ठेवला. बाहेर नूरीन कुणाला तरी हनुवटी वर करा म्हणून सांगत होती.

"लग्न झाल्यावर पंधरा दिसांनी तार आली," ते म्हणाले. "फोटू आधी निघाला, बेटा. तिन्ही बारीला फोटू आधी."

 ऋषिराजच्या त्या सकाळच्या फोनचा राजेश्वरीला जो दिलासा होता तो त्या एका वाक्यानं गेला. तिनं पिशवीतून आपलं चित्र काढलं आणि त्यांच्यापुढं ठेवलं.

चांदसाहेबांनी आबांकडं बघितलं नाही, फेट्याकडं बघितलं नाही. पन्नास वर्षं खांद्यांवर काम केलेला माणूस तो, नजर थेट तिथंच गेली.

"हात हाय," ते म्हणाले. "माणूस बाजूला जरा मागं उभा हाय, आन् उजवा हात ठेवलाय." मग त्यांनी स्वतःचा हात उचलून हवेत तसाच धरला आणि बोटांकडं बघितलं. "पर चार चुण्या पाहिजेत. दोनच काढल्यास."

"दोनच होत्या."

"नीट बघितलंस?"

तिनं चित्र परत आपल्याकडं ओढलं. आयुष्यात पहिल्यांदा तिला वाटत होतं, की आपला हात चुकला असावा.

४

ऋषिराज ठरल्या दिवशी आला. उंच, उन्हानं रापलेला, बडबड्या. आल्या आल्या आईच्या पाया पडला आणि तिच्या उजव्या खांद्याशी डोकं घासून बायकोला हसवलं. राजेश्वरी जेवताना त्याच्या भाकरी मोडणाऱ्या हाताकडं बघत होती. अंगठा आणि चार बोटं, दोन नव्हेत. तिनं मोजली, पुन्हा मोजली.

"मॅडम, माझ्या हातावर कायतरी लिवलंय काय?" त्यानं विचारलं. "आबा, ह्या आपलं बी चित्र काढणार दिसत्यात. भाकरी चोरताना."

सगळे हसले, ती पण हसली. इतका धडधाकट माणूस समोर असताना आपण काय घेऊन बसलोय, असं वाटून तिला लाज वाटली. लाज वाटली तरी मोजणं काही थांबेना.

दुसऱ्याच दिवशी चांदसाहेबांचा निरोप आला, पोराला घेऊन या. स्टुडिओत त्यांनी ऋषिराजला उभं केलं आणि त्याचा उजवा हात एका खुर्चीच्या पाठीवर मनुबाईच्या खांद्याइतक्या उंचीवर टेकवला. नूरीन संगणकावर पाच मिनिटांत काम करते म्हणाली. आजोबांनी नातीला हटवलं.

"हे मी करणार. पात्यानं आन् ब्रशानं. मी भरलेली जागा आजवर खोटी पडली न्हाई. एकेचाळीस पोरं, एकेचाळीस घरी आली."

ते असं म्हणाले आणि राजेश्वरीला त्यांचा डाव कळला. जागा दुसरं काही भरायच्या आत त्यांना ती भरायची होती.

तीन दिवस ते त्या मागच्या खोलीत बसले. ती शेजारी बसून कागद धरायची, रंग कालवायची. ऋषिराजची आकृती कापली गेली, चिकटली, कडा बुजल्या. हात खांद्यावर आला. तो तिथं बिनचूक बसला. तर्जनी एका चुणीच्या माथ्यावर, मधलं बोट दुसरीच्या. अनामिका आणि करंगळी मात्र गळ्याकडच्या सपाट पदरावर नुसतीच ठेवलेली, खाली कापड दबलेलं नाही.

चांदसाहेबांनी ब्रश उचलला. टोक कागदापर्यंत नेलं आणि परत मागं घेतलं. त्यांनी दोनदा प्रयत्न केला, मग ब्रश तिच्यापुढं धरला.

"ह्या दोन चुण्या तू काढ."

"चाचा, मी न दिसलेलं काढत नाही."

"ठाव हाय मला. म्हणून तर तुला सांगतोय. तुझ्या हाताला खोटं ठाव न्हाई, तवा तू काढलेलं खरं व्हईल."

यात काही अर्थ नव्हता. तिला ते कळत होतं. शास्त्र कळत होतं, संशोधनाची नीतिमत्ता कळत होती, वडिलांचा शब्द कळत होता. तरी तिनं ब्रश घेतला. चुणीला कारण हवं, तर तिच्याकडं कारण होतं. त्या घरात एक आई रोज सकाळी लडाखचं हवामान टीव्हीवर बघायची. राजेश्वरीनं दोन चुण्या काढल्या, अनामिकेची आणि करंगळीची. आयुष्यात काढलेल्यांत त्या सगळ्यात सुंदर होत्या. जोड कुठं दिसत नव्हता.

५

सुटी संपायच्या आदल्या दिवशी चौकट घरी आली आणि भिंतीवर चढली. आबांनी अख्ख्या गल्लीला बोलावून दाखवली. लोक चांदसाहेबांच्या हाताचं कौतुक करून गेले. घर पांगल्यावर मनुबाई एकट्याच फोटोपुढं उभ्या राहिल्या. बाहेर ऋषिराज ट्रंकेला कुलूप बसत नाही म्हणून शिवांजलीशी हुज्जत घालत होता.

"ह्या दोन चुण्या कुणी काढल्या?" मनुबाईंनी विचारलं. त्यांचं बोट फोटोतल्या स्वतःच्या खांद्यावर होतं, गळ्याकडं.

राजेश्वरी जवळ सरकली. "काकू?"

"त्या दिशी दोनच बोटं हुती."

"तुम्हाला कळलं होतं?"

"माझा खांदा, मला कळंना व्हय? वजन पडलं. ल्हानपणी चपला घालताना माझ्या खांद्यावर हात ठेवून उभा ऱ्हायाचा, तसंच." त्या शांतपणे बोलत होत्या. "गार हुता लय. पर वळखीचा."

"वळून बघितलं नाही?"

"फोटुत हलायचं नसतं," मनुबाई म्हणाल्या.

राजेश्वरीला रडू आलं. "काकू, थांबवा त्यांना. काहीतरी सांगा, आजारी पडा."

"काय सांगू? माझ्या पदराला चुणी पडली, तवा तू फौजेत जाऊ नगंस?" मनुबाईंचा चेहरा फोटोत असतो तसा झाला. "त्याच्या पलटणीत दुसऱ्या आयांची पोरं हायत. सुभेदाराची बायकू हाय मी, आन् फौजीची आई. गावात कुणी म्हणायचं न्हाई, मनुबाईनं पोराला पदराखाली घेतलं." मग त्यांनी तिचा ब्रश धरणारा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. "झ्याक काढल्यास पोरी. बघून बरं वाटलं. कुणाला सांगू नगंस."

ऋषिराज गेला. एसटीच्या खिडकीतून त्यानं हात हलवला, पाचही बोटं पसरून. मनुबाई बस वळेपर्यंत ताठ उभ्या होत्या, आणि त्यांच्याकडं बघून राजेश्वरीला त्या बाईचा विलक्षण अभिमान वाटला.

६

दोन महिन्यांनी ती पुरं झालेलं चित्रीकरण दाखवायला माळखडकला आली, दुपारी एकच्या बसनं. मधल्या काळात सगळं ठीक होतं. परवाच ऋषिराजनं तिला स्वतःच्या पंजाचा फोटो पाठवून विचारलं होतं, मॅडम, चित्र काढायचं राहिलं का? ती एकटीच हसली होती, आणि मोजलीही होती.

घराचं दार उघडं होतं. शिवांजली चुलीपुढं बसली होती, चूल विझलेली.

"सकाळी पलटणीतनं फोन आला," ती म्हणाली. "कायबी सांगंनात. आबांनाच बोलवा म्हणाले. आबांनी ऐकून घेतलं आन् तसंच साताऱ्याला गेलं. आत्यांला मी कायच बोलले न्हाई, ताई. तुमी पण बोलू नगा."

राजेश्वरी मधल्या खोलीतून अंगणाकडं गेली. जाताना भिंतीवरच्या चौकटीकडं बघितलं. ऋषिराज उभा होता, हात आईच्या खांद्यावर, चार बोटं, चार चुण्या. काही बदललं नव्हतं. तिला क्षणभर बरं वाटलं.

अंगणात मनुबाई खुर्चीवर बसल्या होत्या. खुर्ची त्या दिवशी होती त्याच ठिकाणी ओढलेली. पाठ ताठ, हात मांडीवर, नजर समोर. वारा नव्हता, दोरीवरचे कपडे सरळ लोंबत होते. राजेश्वरीची चाहूल लागली तरी त्यांनी मान वळवली नाही.

"ये पोरी," त्या ओठ फारसे न हलवता म्हणाल्या. "हळू ये."

"काकू, कधीपासून बसलाय?"

"सकाळधरनं. दमलाय, उभाच हाय."

राजेश्वरीनं त्यांच्या डाव्या खांद्याकडं बघितलं. कॅमेरा तिच्या पाठीवरच्या पिशवीत होता आणि तिचा हात तिकडं गेला नाही. पदर दबलेला होता. दंडाकडं दोन चुण्या होत्या. गळ्याकडं पदर सपाट होता. पेन्सिलीनं काढताना तिचा हात चुकला नव्हता, ब्रशानं भरलेल्या त्या दोन चुण्यांत चुकला होता, आणि हे ज्या बाईला सांगायचं तिला ते तिच्याही आधी कळलं होतं. मनुबाईंच्या गालावर पाणी होतं. ते पुसायला त्यांनी हात उचलला नव्हता.

घरात फोन वाजायला लागला. शिवांजलीची पावलं वाजली, आणि मग काहीच ऐकू आलं नाही.

"माझा पोरगा घरी आला," मनुबाई म्हणाल्या. "आमच्या गावात जागा रिकामी ऱ्हात न्हाई."

राजेश्वरीनं कोपऱ्यातला पाट उचलला. मनुबाईंच्या डाव्या बाजूला गेली आणि वाकून त्यांच्या खुर्चीपासून जमिनीवर वीत टाकली. एक, दोन. मग चार बोटं. तेवढी जागा सोडून तिनं पाट मांडला आणि त्यांच्यासारखीच पाठ ताठ करून, समोर बघत, न हलता बसली.